वाचकांचे प्रश्न : बारा गावचे पाणी प्यायलेला खेळाडू

या अंकासाठी आलेल्या पत्रांपैकी चार पत्रे फुटबॉलविषयी आहेत, आणि त्यांतली तीन काँगोच्या फुटबॉलपटूंविषयी. पहिल्या पत्राचा विषय मला जिव्हाळ्याचा वाटतो, म्हणून त्याला अधिक जागा दिली आहे.

प्रश्न : आमचे घराणे गलाईच्या व्यवसायातले. वडिलांनी चाळीस वर्षे तमिळनाडूत सोने-चांदी गाळण्याचे काम केले आणि तेवढ्या काळात पाच गावे बदलली. परवा मुलाबरोबर इंग्लंडमधील पोर्टस्मथ संघाचा एक जुना सामना पाहत होतो. लोमाना लुआलुआ या काँगोच्या खेळाडूच्या गोल केल्यानंतरच्या कोलांटउड्या पाहून मुलगा हरखून गेला. नंतर त्या खेळाडूच्या संघांची यादी वाचून माझे मेहुणे म्हणाले, ‘‘हा बारा गावचे पाणी प्यायलेला आहे, कुठेच टिकला नाही.’’ ते बोलणे मला खटकले, पण उत्तर देता आले नाही. इतके संघ बदलणारा खेळाडू अपयशी समजावा का?
— एक वाचक, विटा

उत्तर : आपल्या मेहुण्यांचा मान राखून सांगतो, की यादीच्या लांबीवरून खेळाडूचे मोल ठरवण्याची ही रीत मला मान्य नाही, आणि आपल्याला ती का खटकली हे आपल्या पत्राच्या पहिल्या दोन वाक्यांतच आले आहे. खानापूर, आटपाडी, तासगाव या भागांतून गलाईसाठी बाहेर पडलेल्या माणसांनी गावे बदलली ती चंचलपणाने नव्हेत. एका पेठेतले काम आटले की दुसऱ्या पेठेत मूस आणि शेगडी मांडावी लागे, आणि नव्या पेठेतल्या सराफाने परक्या माणसाच्या हाती सोने दिले तर ते मागच्या पेठेतून आलेल्या लौकिकावरच. फुटबॉलच्या धंद्यातही असेच चालते. खेळाडूचा करार सहसा पाच वर्षांपेक्षा मोठा नसतो. पस्तिशीकडे झुकलेल्याला तर एका-दोन वर्षांचाच मिळतो. प्रशिक्षक बदलला, गुडघा दुखावला, किंवा आपल्याच जागेवर खेळणारा नवा मुलगा आला, की सामान बांधावे लागते. अशा वेळी दुसरा संघ बोलावतो, वैद्यकीय तपासणी करून घेतो आणि पगार ठरवून सही करतो, याचा अर्थ त्या खेळाडूच्या कामाला अजून गिऱ्हाईक आहे.

लुआलुआचा जन्म 28 डिसेंबर 1980 रोजी काँगोच्या राजधानीत, किन्शासात झाला. बालपणीच तो इंग्लंडला आला. नावाजलेल्या अकादमीतून तो पुढे आलेला नाही. लंडनमधील एका महाविद्यालयाच्या संघात खेळताना तो नजरेस पडला आणि 1998 मध्ये तिसऱ्या श्रेणीतल्या कोल्चेस्टर युनायटेडने त्याला घेतले. दोनच वर्षांनी न्यूकॅसल युनायटेडने त्याच्यासाठी साडेबावीस लाख पौंड मोजले. प्रशिक्षक होते बॉबी रॉब्सन, आणि आक्रमणात पुढे उभा होता इंग्लंडचा नामांकित गोलवीर ॲलन शिअरर. पुढच्या वर्षी क्रेग बेलामी हा आणखी एक आक्रमकही आला. अशा संघात वीस वर्षांच्या मुलाच्या वाट्याला बहुतेक वेळा राखीव खेळाडूंचा बाक येतो, आणि शेवटची वीस मिनिटे उरली की मैदानात उतरून काहीतरी करून दाखवायचे, एवढेच काम उरते. त्याने ते काम साडेतीन वर्षे केले. कुठेच टिकला नाही असे म्हणणाऱ्याने त्या बाकावरच्या साडेतीन वर्षांचाही हिशेब करावा.

2004 च्या सुरुवातीला न्यूकॅसलने त्याला पोर्टस्मथकडे उसना दिला. उसना म्हणजे करार मूळ संघाचाच राहतो आणि ठरावीक मुदतीपुरता खेळाडू दुसऱ्या संघाकडून खेळतो. पगाराची वाटणी दोन्ही संघ आपसात ठरवतात. 29 फेब्रुवारीला पोर्टस्मथची गाठ पडली ती न्यूकॅसलशीच. न्यूकॅसल एका गोलने पुढे होते, आणि सामना संपता संपता बरोबरीचा गोल केला तो लुआलुआने, म्हणजे न्यूकॅसलच्याच माणसाने न्यूकॅसलविरुद्ध. उसन्या दिलेल्या खेळाडूने मूळ संघाविरुद्ध खेळू नये, असा जो नियम आज प्रीमियर लीगमध्ये, म्हणजे इंग्लंडच्या सर्वांत वरच्या श्रेणीत आहे, त्याची चर्चा निघाली की या गोलाची आठवण हमखास काढली जाते. ज्याने उसने दिले त्याच्याच विरोधात जीव ओतून खेळणे, ही मला त्या खेळाडूच्या प्रामाणिकपणाची खूण वाटते. त्याच उन्हाळ्यात पोर्टस्मथने त्याला कायमचे घेतले.

आपल्या मुलाला ज्या कोलांटउड्या आवडल्या, त्यांची एक हकीकत त्याला अवश्य सांगा. 2006 हे वर्ष लुआलुआच्या आयुष्यातले सर्वांत कठीण वर्ष होते. जानेवारीत इजिप्तमध्ये आफ्रिकी राष्ट्रांची स्पर्धा झाली. तीत तो आपल्या देशाचा कर्णधार होता, टोगोविरुद्ध त्याने गोल केला आणि संघ उपांत्यपूर्व फेरीत पोचला. तेथून परतला तो मलेरिया घेऊनच. त्यातून उठून तो पुन्हा मैदानात उतरला, तेव्हा पोर्टस्मथ संघ खालच्या श्रेणीत ढकलला जाण्याच्या बेतात होता. 12 एप्रिलला आर्सेनलविरुद्ध त्याने बरोबरीचा गोल केला, नेहमीप्रमाणे मागे कोलांट्या मारल्या, आणि उतरताना त्याच्या घोट्याला दुखापत झाली. एक-एक गुणासाठी झगडणाऱ्या संघाला तो गुण त्याने मिळवून दिला आणि त्याच क्षणी आपला पाय जायबंदी करून बसला. मोसमाच्या अखेरीस पोर्टस्मथ तरले. मात्र मे महिन्यात त्याचा दीड वर्षांचा मुलगा न्यूमोनियाने दगावला.

त्यानंतरचे वर्षभर तो पोर्टस्मथकडूनच खेळला. पुढे 2007 मध्ये ग्रीसमधील ऑलिंपियाकोस, त्यानंतर कतारमधील अल-अरबी, 2010 मध्ये सायप्रसमधील ओमोनिया, 2011 मध्ये पुन्हा इंग्लंडमध्ये ब्लॅकपूल, आणि 2012 मध्ये तुर्कस्तानातील काराब्युकस्पोर, असा प्रवास झाला. तुर्कस्तानात तो आणखी काही वर्षे, वयाच्या पस्तिशीपर्यंत, वरच्या श्रेणीत खेळत राहिला. पाच देश झाले, आणि प्रत्येक ठिकाणी ड्रेसिंग रूममधली भाषा, जेवण, हवा आणि बचावपटूंची अडवण्याची तऱ्हा नव्याने शिकावी लागली. वेगावर जगणाऱ्या आक्रमकाला पस्तिशीपर्यंत वरच्या श्रेणीत कोणी ठेवून घेणे ही सामान्य गोष्ट नाही.

हे मला इतके लागून का जाते, तेही सांगतो. काही वर्षांपूर्वी एप्रिलच्या दुपारी कोल्हापूरच्या शाहू स्टेडियममध्ये मी सामना पाहायला गेलो होतो. तेथील तालमींच्या संघांतून आफ्रिकी खेळाडू खेळतात, हे आपल्याकडच्या वाचकांना ठाऊक आहेच. सामना संपल्यावर गर्दी जिंकणाऱ्यांभोवती जमली. हरलेल्या संघातला एक नायजेरियन मुलगा भिंतीच्या सावलीत पिशवीवर बसून घोट्याची चिकटपट्टी सोडवत होता. पट्टीचा जो भाग घामाने भिजला नव्हता, तो त्याने फाडून वेगळा काढला, नीट गुंडाळला आणि पिशवीच्या बाहेरच्या कप्प्यात ठेवला. पुढच्या सामन्यासाठी का, असे मी विचारले तेव्हा तो म्हणाला, की पुढचा सामना कोणत्या गावात असेल ते अजून कळलेले नाही. आपल्या मेहुण्यांना उत्तर देताना त्या मुलाचा हात माझ्या डोळ्यांपुढे आहे.

प्रश्न : दियुमर्सी मबोकानी या काँगोच्या आक्रमकाने 2016 मध्ये देशाकडून खेळण्यास नकार दिला होता, असे ऐकले. परदेशात पैसा मिळाला की माणसे देशाला विसरतात, असे यावरून म्हणावे का?
— एक वाचक, कराड

उत्तर : असे म्हणणे अन्यायाचे होईल. 22 मार्च 2016 रोजी ब्रुसेल्सच्या झावेन्तेम विमानतळावर बाँबस्फोट झाले, तेव्हा मबोकानी त्याच विमानतळावर होता. अंगोलाविरुद्धच्या सामन्यासाठी तो राष्ट्रीय संघाकडे निघाला होता, म्हणजेच देशाच्या हाकेला ओ देऊनच घराबाहेर पडला होता. त्याला इजा झाली नाही, पण तो मनाने पुरता हादरला आणि त्या सामन्याला गेला नाही. यावर देशाच्या फुटबॉल महासंघाने त्याच्याकडे खुलासा मागितला आणि कारवाईची भाषा केली. त्यानंतर त्याने राष्ट्रीय संघाकडून खेळणार नाही असे सांगितले. स्फोटातून वाचलेल्या माणसाची आधी विचारपूस करायची असते, खुलासा मागायचा नसतो. या प्रकरणात चूक महासंघाची होती, याविषयी माझ्या मनात शंका नाही.

मबोकानीची यादीही लांबच आहे. काँगोतल्या लुबुम्बाशी शहराच्या टीपी माझेम्बे संघातून तो बेल्जियमला अँडरलेख्टकडे आला आणि पुढे स्टँडर्ड लिएजकडे गेला. लिएजला 1983 नंतर लीगचे विजेतेपद मिळाले नव्हते. ते 2008 मध्ये मिळाले आणि 2009 मध्ये पुन्हा मिळाले, आणि त्या दोन्ही वर्षी मबोकानी त्या संघात होता. मोनाको आणि वोल्फ्सबर्गमध्ये मात्र त्याचे बस्तान बसले नाही. अँडरलेख्टकडे परतल्यावर 2012 चा बेल्जियमचा सर्वोत्तम खेळाडूचा ‘सुवर्ण बूट’ पुरस्कार त्याने मिळवला. त्यानंतर युक्रेनमधील डिनॅमो कीव्ह, तेथून उसना म्हणून इंग्लंडमधील नॉर्विच आणि हल, आणि पुन्हा बेल्जियममध्ये अँटवर्प. तो बेल्जियमकडेच वारंवार का वळला, हे समजण्यासारखे आहे. 1960 पर्यंत काँगोवर बेल्जियमचे राज्य होते, फ्रेंच भाषा दोन्हीकडे चालते, आणि किन्शासाच्या मातोंगे या वस्तीचे नाव लावणारा काँगोलीज लोकांचा भाग ब्रुसेल्समध्येच आहे. परदेशात राहून आपल्या भाषेत चार शब्द बोलायला मिळणे आणि आपल्या चवीचे जेवण मिळणे यांचा खेळावर किती परिणाम होतो, हे आपल्याकडच्या घर सोडून राहणाऱ्या कोणत्याही मल्लाला विचारावे.

प्रश्न : काँगो नावाचे दोन देश आहेत का? या खेळाडूंचा देश कोणता?
— इयत्ता नववीतील विद्यार्थिनी, सांगली

उत्तर : होय, दोन आहेत. आयर्विन पुलाच्या एका टोकाला सांगली आणि दुसऱ्या टोकाला सांगलीवाडी आहे, तशीच काँगो नदीच्या एका तीरावर किन्शासा आणि समोरच्या तीरावर ब्राझाव्हिल ही शहरे आहेत. फरक इतका, की ही दोन वेगळ्या देशांच्या राजधानीची शहरे आहेत आणि त्यांच्यामध्ये पूल नाही. बोटीनेच नदी ओलांडावी लागते. लुआलुआ आणि मबोकानी हे किन्शासा राजधानी असलेल्या लोकशाही प्रजासत्ताक काँगोचे. 1971 ते 1997 या काळात या देशाचे नाव झैर होते आणि त्याच नावाने तो 1974 च्या विश्वचषकात खेळला. 2015 च्या आफ्रिकी स्पर्धेत उपांत्यपूर्व फेरीत हे दोन्ही काँगो एकमेकांसमोर आले. दोन गोलांनी मागे पडूनही किन्शासाच्या संघाने सामना 4-2 असा जिंकला, आणि त्यातले दोन गोल मबोकानीचे होते.

प्रश्न : मी साताऱ्यात पंधरा वर्षांखालील मुलांना फुटबॉल शिकवतो. एखादा मुलगा पुढे परदेशी संघांत गेला आणि त्याची मोठ्या रकमेला खरेदी-विक्री झाली, तर त्याला घडवणाऱ्या छोट्या क्लबाला काही मिळते का?
— एक प्रशिक्षक, सातारा

उत्तर : मिळते, पण त्यासाठी नोंद असावी लागते. करार चालू असताना खेळाडूची एका देशातून दुसऱ्या देशात रक्कम देऊन बदली झाली, तर फिफा या जागतिक फुटबॉल संघटनेच्या नियमानुसार त्या रकमेतला 5 टक्के हिस्सा, त्याच्या वयाच्या 12 व्या ते 23 व्या वर्षापर्यंत ज्या ज्या क्लबांनी त्याला तयार केले, त्यांच्यात वाटला जातो. 12 ते 15 या वयातल्या प्रत्येक वर्षासाठी बदलीच्या मूळ रकमेच्या पाव टक्का आणि 16 ते 23 या वयातल्या प्रत्येक वर्षासाठी अर्धा टक्का, असे प्रमाण आहे. म्हणजे बदली एक कोटी रुपयांची असेल, तर बारा ते पंधरा ही चार वर्षे मुलगा आपल्याकडे असल्याबद्दल आपल्या क्लबाला एक लाख रुपये मिळतील, आणि पुढची बदली झाली की पुन्हा मिळतील. करार संपल्यावर खेळाडू मोकळा झाला आणि रक्कम न देताच दुसऱ्या संघात गेला, तर मात्र वाटायला काही उरत नाही.

यात अडचण येते ती कागदांची. लुआलुआसारखा मुलगा महाविद्यालयाच्या मैदानावरून थेट व्यावसायिक संघात जातो, तेव्हा त्याला आधी शिकवणाऱ्याचे नाव कोठेच लागत नाही. म्हणून आपल्या क्लबाची जिल्हा आणि राज्य संघटनेकडे रीतसर संलग्नता घ्यावी आणि अखिल भारतीय फुटबॉल महासंघाच्या केंद्रीय नोंदणी प्रणालीत प्रत्येक मुलाची दरवर्षी नोंद करावी. मुलाने क्लब सोडला, तर सोडल्याची तारीखही लिहून ठेवावी. या नोंदींवरूनच पुढे खेळाडूचा ‘पासपोर्ट’ तयार होतो. तो कोणत्या वयात कोणत्या क्लबाकडे होता, याचा क्रमवार उतारा त्यात असतो, आणि त्यातली पहिली ओळ आपल्या क्लबाची असू शकते. जन्मदाखल्याची साक्षांकित प्रत पहिल्याच दिवशी मागून घ्यावी. नंतर पालकांकडून ती मिळवताना वर्ष निघून जाते.