मनी पायात घोटाळते, ते दुधासाठीच का?

प्रश्न : आमची मनी दोन वर्षांची आहे. मी सांजच्याला वावरातून आली की शेपूट उभी करून पायात घोटाळते, डोकं अन् गाल साडीला घासते. सासूबाई म्हणतात, दूध मागते. पण वाटीत दूध ठेवलं तर कधी तोंडही लावत नाही, पुन्हा पायाशीच येते. तिला पाहिजे तरी काय?
— एक वाचक, दारव्हा तालुका, जि. यवतमाळ

उत्तर : ताई, दूध सोडून ती तुमच्याकडे येते, म्हणजे तिला तुम्हीच पाहिजे. मांजराच्या गालात, हनुवटीत, कपाळावर आणि शेपटीच्या बुडाशी वासाच्या ग्रंथी असतात. तुम्ही दिवसभर पऱ्हाटीत, बैलांजवळ असता, परके वास अंगावर घेऊन येता. मनी त्यावर घरचा वास पुन्हा चढवते. उभी शेपूट म्हणजे तिचा रामराम. आमच्या कोठ्यातला बोका तर माझ्याआधी गायीच्या तोंडाला गाल घासून यायचा.

लगेच उचलून छातीशी धरू नका. उकिडवं बसा, एक बोट तिच्या नाकासमोर धरा. तिनं गाल टेकवला की गालावर, हनुवटीखाली हळू खाजवा. पोटाला हात नको. शेपूट आपटायला लागली, कान मागे गेले, की थांबा. दूध मोठ्या मांजरांपैकी बऱ्याच जणांना पचत नाही, ढाळ लागते. सासूबाईंना म्हणा, ताजं पाणी ठेवा.

मला खरी काळजी फवारणीची आहे. मनी तुमच्या साडीला अंग घासते आणि मग तेच अंग चाटून साफ करते. सायपरमेथ्रीनसारखी कपाशीवरची औषधं मांजराच्या शरीराला लवकर बाहेर टाकता येत नाहीत. दवाखान्यात असताना माझ्याकडे एक मांजर आणली होती. लाळ गळत होती, अंग थरथरत होतं. घरचे म्हणत होते, साप चावला. विचारत गेलो तेव्हा कळलं, ती रात्रभर फवारणीच्या सदऱ्यावर झोपली होती. २०१७ साली आपल्या जिल्ह्यात फवारणीच्या विषानं माणसं गेली, मग एवढ्याशा जिवाचं काय! फवारणीच्या दिवशी कपडे बाहेरच काढा, वेगळे धुवा, आंघोळ करा. तोवर तिला कितीही ओरडू द्या, जवळ घेऊ नका.

आणि एक. ती सारखा एकच कान घासत असेल, आत कॉफीच्या भुकटीसारखी काळी घाण दिसत असेल, तर कानात किडे असतील, औषध लागेल. भिंतीला डोकं दाबून तशीच उभी राहत असेल, तर ते लाडाचं घासणं नव्हे. त्याच दिवशी तिला पशुवैद्यकीय दवाखान्यात न्या.