तिकीट मागण्याआधी

प्रिय मित्रा,
सप्रेम आशीर्वाद.

राजकारणात उतरायचंच असेल, तर अन्यूरिन बेव्हनचा प्रवास एकदा नीट समजून घे. ब्रिटनची राष्ट्रीय आरोग्य सेवा ५ जुलै १९४८ रोजी सुरू झाली, तेव्हाचा हा आरोग्यमंत्री. मला मात्र त्याची मंत्री होण्याआधीची वर्षं जास्त मोलाची वाटतात.

जन्म १८९७ चा, दक्षिण वेल्समधल्या ट्रेडेगार या खाणगावातला. तेराव्या वर्षी शाळा सुटली, खाणीत जावं लागलं. बोलताना तो अडखळायचा. कामगारांच्या वाचनालयात बसून त्यानं इतकं वाचलं, की एक शब्द अडला तर दुसरा हाताशी असायचा. पुढे संसदेतल्या नामांकित वक्त्यांत त्याची गणना झाली. लंडनला कामगारांच्या महाविद्यालयात शिकून परतला, तर खाणीत काम मिळेना. तरी संघटना सोडली नाही. १९२२ मध्ये गावच्या कौन्सिलवर, १९२८ मध्ये काउंटी कौन्सिलवर, १९२९ मध्ये एब्बू व्हेलचा खासदार. लोकांच्या आयुष्याचे निर्णय नेमके कुठे होतात, ते शोधत तो वर गेला. तुझ्या गावात ते कुठे होतात, हे तुला ठाऊक आहे का?

ट्रेडेगारला कामगारांनी चालवलेली मेडिकल एड सोसायटी होती. पगारातल्या पौंडामागे काही पेन्स जमा करायचे आणि त्यातून कुटुंबाला डॉक्टर, नर्स, इस्पितळ मिळायचं. बेव्हननं त्या इस्पितळाच्या समितीवर काम केलं होतं. त्यामुळे मंत्री झाल्यावर त्याच्यासमोर नुसती घोषणा नव्हती, डोळ्यांनी पाहिलेली व्यवस्था होती. वर्गणी भरणाऱ्यांपुरती असलेली ती सोय त्यानं करांच्या पैशातून देशातल्या प्रत्येकासाठी खुली केली.

डॉक्टरांचा विरोध कडवा होता. १९४८ च्या फेब्रुवारीत त्यांच्या संघटनेनं मतदान घेतलं, तर दहातले जवळपास नऊ विरोधात. डॉक्टरांची साथ मिळावी म्हणून बेव्हननं तज्ज्ञांना सरकारी इस्पितळात खासगी रुग्ण पाहायची मुभा आधीच दिली होती. त्याच्याच डाव्या मित्रांना हे रुचलं नाही. मला ते योग्य वाटतं. कारण उपचाराच्या वेळी रुग्णाकडे पैसे मागायचे नाहीत, ही मूळ गोष्ट त्यानं सोडली नाही. १९५१ मध्ये शस्त्रसज्जतेचा खर्च वाढला आणि कवळ्या-चष्म्यांवर शुल्क लावायचं ठरलं, तेव्हा तो मंत्रिमंडळातून बाहेर पडला.

त्याची जीभ मात्र घेऊ नकोस. सेवा सुरू होण्याच्या आदल्याच दिवशी मँचेस्टरच्या सभेत त्यानं विरोधी हुजूर पक्षाला घुशी-उंदरांहून हलकं म्हटलं. विरोधकांनी ते वाक्य वर्षानुवर्षं वापरलं, आणि स्वपक्षातलेही हळहळले.

तेव्हा तिकिटाचं नंतर बघू. आधी तुमच्या प्राथमिक आरोग्य केंद्राच्या रुग्ण कल्याण समितीत कोण बसतं, निधी किती येतो, कशावर खर्च होतो, ते विचारून ये आणि मला सविस्तर लिही.

तुझा,
काका