'ट्यूमरचं सूक्ष्म-पर्यावरण' म्हणजे कंपन्यांचा धूर नव्हे

बडोद्यातल्या मांजलपूरच्या एका ताईंनी विचारलंय की "ट्यूमरचं सूक्ष्म-पर्यावरण कॅन्सर वाढवतं" असं वाचलं, काकांचं घर नंदेसरीकडे आहे, तर हे तिथल्या केमिकल कंपन्यांच्या धुराबद्दल चाललंय का? आणि मायक्रोएन्व्हायर्नमेंटला याहून बरा मराठी शब्द आहे का?

नाही ताई, धुराबद्दल नाही चाललेलं. काही केमिकल्सनी, तंबाखूनी कॅन्सर होतो हे खरं, पण तो वेगळा विषय. हे जे 'पर्यावरण' आहे ना ते शरीराच्या आत असतं, आणि नुसतं गाठीच्या बाजूला नाही, खुद्द गाठीतसुद्धा. आपल्याला वाटतं गाठ म्हणजे सगळा कॅन्सरच, पण तिच्यात साध्या पेशी पण भरपूर असतात: रक्तवाहिन्या, एरवी जखम भरायला येणारे फायब्रोब्लास्ट, मॅक्रोफेज आणि टी-पेशी या रोगाशी लढणाऱ्या पेशी, आणि या सगळ्यांच्या मधलं कोलॅजन नावाच्या प्रोटीनचं जाळं. स्वादुपिंडाच्या कॅन्सरमध्ये तर बरेचदा गाठीचा मोठा भाग हाच असतो, इतका दाट की औषधही आत नीट शिरत नाही.

आणि कॅन्सर या मंडळींना आपल्या बाजूला वळवून घेतो. ऑक्सिजन कमी पडला की त्याच्या पेशी व्हीईजीएफ नावाचं प्रोटीन सोडतात आणि नव्या रक्तवाहिन्या गाठीकडे ओढून घेतात (गाठ रक्तपुरवठ्यावर जगते, तोच रोखा, हे अमेरिकन सर्जन ज्यूडा फोकमन यांनी १९७१ मध्ये मांडलं होतं). मारायला आलेले मॅक्रोफेज बरेचदा उलटे गाठीचीच कामं करायला लागतात, टी-पेशींना तर चक्क ब्रेक लागतो. हे ब्रेक काढता येतात हे दाखवल्याबद्दल २०१८ चं वैद्यकाचं नोबेल जेम्स अ‍ॅलिसन आणि तासुकू होन्जो या शास्त्रज्ञांना मिळालं, हल्ली इम्युनोथेरपी म्हणतात त्यातली बरीच औषधं यावरच चालतात.

कल्पना तशी जुनी आहे. लंडनचे सर्जन स्टीफन पेजेट यांनी १८८९ मध्ये स्तनाच्या कॅन्सरनं गेलेल्या ७३५ बायकांच्या नोंदी तपासल्या, तर कॅन्सर यकृतात वारंवार पसरलेला आणि प्लीहेत क्वचितच. त्यांचं म्हणणं, बी चारी दिशांना उडतं पण रुजतं मानवेल त्याच मातीत. मला स्वतःला मात्र शास्त्रज्ञ मीना बिसेल यांचा १९८० च्या दशकातला प्रयोग जास्त पटतो. राउस व्हायरस टोचला की कोंबडीच्या पिल्लाला गाठ येते, तोच व्हायरस अंड्यातल्या कोवळ्या भ्रूणाला टोचला तर व्हायरस पेशींत शिरूनही गाठ येत नाही! आणि पिल्लाच्या एका पंखात व्हायरस टोचून दुसऱ्या पंखाला जखम केली तर त्या जखमेतही गाठ. व्हायरस तोच, फरक पडला तो आजूबाजूचा.

आता शब्द. 'पर्यावरण' म्हटलं की प्रदूषण आणि झाडं आठवतात, तुमचा घोटाळा त्यातूनच झालाय आणि त्यात तुमची काही चूक नाही. 'वातावरण' म्हटलं तर हवापाणी, त्यातून आपण बडोद्याचे लोक, गुजरातीतही ते तसंच वापरतो. 'परिसर' म्हणजे सोसायटीचं आवार वाटतं. मला 'भोवताल' आवडतो, फक्त 'गाठीचा भोवताल' म्हणू नये, कारण मग वाचणारा गाठीच्या बाहेर बघायला लागतो आणि निम्मी गोष्ट हुकते. 'कॅन्सरपेशींचा भोवताल' म्हणा, म्हणजे गाठीच्या आतलंही त्यात आपोआप आलं. आणि पेशी म्हटल्यावर 'सूक्ष्म' लावायची गरजच काय? कोणी शुद्धीवाले 'कर्कपेशी' करा म्हणतील तर खुशाल करा, पण घरात समजावताना कॅन्सरच बोलतात सगळे.

एक राहिलं, बायॉप्सीच्या रिपोर्टमध्ये 'स्ट्रोमा' असं लिहिलेलं दिसलं तर ते या भोवतालातलं आधार देणारं जाळं, म्हणजे फायब्रोब्लास्ट, कोलॅजन, रक्तवाहिन्या वगैरे. त्याला मराठी शब्द शोधत बसू नका, डॉक्टरांशी बोलताना स्ट्रोमाच म्हणा.