साताऱ्यात थंडी पडली की वडिलांचं बीपी वाढतं. पहाटे अजिंक्यतारा चढणं बंद करावं का?

बंद नको, पण ऊन आल्यावर जाऊ द्या, कानटोपी घालून. गारठ्यात अंगातली ऊब टिकवायला चेतातंतू नॉरअ‍ॅड्रेनलिन नावाचं रसायन सोडतात, त्यानं त्वचेतल्या बारीक धमन्यांचे स्नायू आवळतात आणि बीपी चढतं. धमनीची त्रिज्या निम्मी झाली तर रक्ताला होणारा विरोध १६ पट होतो (फिजिओलॉजी शिकवतो, हे गणित दरवर्षी फळ्यावर मांडतो), म्हणून थोडं आकुंचनही आकड्यात दिसतं. निघताना तंबाखूची चिमूट असेल तर ती आधी सोडवा. निकोटिनही धमन्या आवळतं. बीपी घरातच, उबदार खोलीत ५ मिनिटं शांत बसवून मोजा. तरीही रोज १३५/८५ च्या वर येत असेल, तर थंडीवर ढकलू नका, डॉक्टरांना दाखवा. गोळी मनानं वाढवू नका.