वाचकांचे प्रश्न: लुईचा अर्थ काय, अन् विल्यमचा गियोम कसा झाला?

मागच्या अंकात आडनावांवर लिहिलं तेव्हा वाटलं विषय संपला, पण नाही, या खेपेला पत्रं आली ती थेट जर्मनी-फ्रान्सच्या नावांवर. नागपूरचं निम्मं तरुण पब्लिक आता तिकडेच आहे म्हटल्यावर येणारच. सगळी घेता आली नाहीत, पाच घेतलीत.

प्रश्न: ताई, माझी मुलगी-जावई फ्रान्समधे लियोंला असतात. नातू झाला, नाव लुई ठेवून राहिले. मोबाईलवर अर्थ पाहिला तं एका ठिकाणी 'प्रसिद्ध योद्धा', दुसऱ्या ठिकाणी 'युद्धात नाव कमावणारा'. आमचे हे म्हणतात, लेकराच्या नावात लढाई काऊन पाहिजे? खरा अर्थ कोणता? (एक आजी, त्रिमूर्ती नगर)

काकू, आधी अभिनंदन, पेढे बाकी आहेत. आता अर्थाचं. लुई मुळात फ्रेंच नाही, जर्मानिक आहे, म्हंजे जर्मन-इंग्रजी ज्या कुळातल्या त्या जुन्या भाषांतलं. फ्रँक नावाची एक जर्मानिक टोळी होती, तिच्यावरूनच फ्रान्स हे नाव पडलं, त्या लोकांचं हे नाव, अन् जुनं रूप साधारण ख्लोडोविग असं जाडजूड होतं. त्यात दोन तुकडे, 'ह्लुड' म्हंजे गाजलेला अन् 'विग' म्हंजे लढाई. फ्रँकांचा राजा क्लोव्हिस तो हाच, जर्मनीत याचंच लुडविग झालं (बीथोव्हेनचं नाव आठवा), अन् फ्रान्समधे घासून घासून लुई उरलं. पुढे तिथल्या राजांत हे नाव इतकं चाललं की नंबर अठरापर्यंत गेला, अर्थात त्यातला सतरावा बिचारा दहा वर्षांचा असताना १७९५ मधे कैदेतच गेला, गादीवर बसलाच नाही.

काकांना एवढं सांगा की 'ह्लुड' अन् आपलं संस्कृत 'श्रुत' एकाच मुळातून आलेत. ज्याच्याबद्दल लोकांनी ऐकलंय तो श्रुत. शत्रुघ्नाची बायको श्रुतकीर्ती, तिच्या नावातला पहिला तुकडा तोच. म्हंजे अर्धं नाव घरचंच निघालं.

राहिली लढाई, तर तिचं फार मनावर घेऊ नका. या जुन्या नावांत तुकड्याला अर्थ असतो पण जोडून जे होतं त्याला असेलच असं नाही, अन् ॲपवाले नेमकं इथेच गंडवतात, दोन तुकडे घेतात अन् मधे स्वतःचं वाक्य घालून देतात. सहाव्या शतकात फ्रेडेगुंड नावाची फ्रँकांची राणी होती, 'फ्रिड' म्हंजे शांतता अन् 'गुंड' म्हंजे युद्ध, आता करा याचा अर्थ! हिल्डेगुंडमधे तर दोन्ही तुकडे लढाईचेच. तेव्हा नावं अशीच बनायची, घराण्यातला एखादा तुकडा उचलायचा अन् दुसरा जोडायचा. इंग्लंडमधे वूस्टरचा बिशप वुल्फस्टन होऊन गेला, मृत्यू १०९५ चा. त्याच्या आईचं नाव वुल्फगिफू, वडिलांचं एथेलस्टन. आईचा वुल्फ, बाबाचा स्टन, झालं नाव तयार. आपल्याकडे आईबाबांची अक्षरं जोडून नाव ठेवतात अन् मग बारशाला आलेल्यांना अर्थ सांगताना घाम फुटतो, तो प्रकार हजार वर्षांपूर्वीही होताच.

आणखी एक. फ्रान्समधे १८०३ च्या कायद्याने नाव कॅलेंडरातल्या संतांचं नाहीतर जुन्या इतिहासातल्या माणसांचं, एवढीच मुभा होती, ती पकड पुढे सैल होत गेली अन् १९९३ मधे खरी मोकळीक मिळाली. लुई तेव्हाही पास झालं असतं. संत लुईचा दिवस २५ ऑगस्ट, तिकडे नावाच्या दिवशी शुभेच्छा देतात. आपला पोळा त्याच्याच आगेमागे येतो, तुम्ही तान्ह्या पोळ्याचा लाकडी बैल पाठवून द्या, दोन्ही सण एकाच पार्सलात.

प्रश्न: आमच्या सेमिनरी हिल्सच्या भागात सेंट फ्रान्सिस डी सेल्स कॉलेज आहे, सेंट चार्ल्स सेमिनरी आहे. फ्रान्सिस म्हंजे फ्रान्सचा, हे बरोबर का? अन् चार्ल्स म्हंजे राजा का? (बीए दुसरं वर्ष)

पहिलं बरोबर, दुसरं उलटं. फ्रान्सिस डी सेल्स हे १५६७ मधे सव्हॉयला जन्मलेले, लेखक-पत्रकारांचे संत मानले जातात (आम्हाला त्यांची गरज दर महिन्याला पडते), त्यांच्या नावाचे मिशनरी एकोणिसाव्या शतकात तिकडच्या आनसीहून नागपूरकडे आले. पण हे नाव पसरलं त्याच्या कितीतरी आधीच्या असिसीच्या संत फ्रान्सिसमुळे. त्यांचं बाप्तिस्म्याचं नाव जोव्हान्नी, वडील कापडाचे व्यापारी, फ्रान्सशी धंदा. ते पोराला फ्रान्चेस्को म्हणायला लागले, म्हंजे 'फ्रेंचवाला'. टोपणनावच चिकटलं.

चार्ल्सचं मूळ 'कार्ल', अर्थ नुसता माणूस, साधा मोकळा गडी, राजाबिजा काही नाही. मग हे नाव असलेला फ्रँकांचा राजा शार्लमेन ८०० मधे सम्राट झाला, अन् शेजारच्या स्लाव लोकांनी त्याच्या नावावरूनच राजाला शब्द घेतला, पोलिश 'क्रुल', चेक 'क्राल'. नावात राजा नव्हता, नाववाल्यामुळे आला.

प्रश्न: फ्रेंच क्लासमधे मॅडम म्हणाल्या गियोम म्हंजेच विल्यम. व चा ग कसा होईल बाप्पा? (धरमपेठ)

होतो, अन् तुम्ही रोज वापरता. सीताबर्डीत मिक्सर घ्यायला जा, दुकानदार म्हणेल 'गॅरंटी नाही देत ताई, वॉरंटी आहे एक वर्षाची.' हे दोन्ही मूळचे एकच शब्द! हॉस्टेलच्या फॉर्मवर एका रकान्यात वॉर्डनची सही अन् दुसऱ्यात गार्डियनची, तेही एकच.

झालं असं की फ्रँक लोक 'व' ने सुरू होणारे शब्द घेऊन आले, पण तिथली लॅटिन बोलणारी मंडळी त्याआधी 'ग' लावायची, 'ग्व' झालं, पुढे नुसता 'ग' राहिला. उत्तरेकडे, नॉर्मंडीच्या बाजूला मात्र 'व' टिकला. १०६६ मधे नॉर्मंडीचा ड्यूक विल्यम याने इंग्लंड जिंकलं अन् इंग्रजीत 'व' वाली रूपं शिरली. फ्रान्समधल्या बायो गावचं ते सुमारे ७० मीटर लांब भरतकाम आहे ना, त्याच लढाईचं, त्यावर त्याचं नाव 'विलेल्म' असंच टाचलंय. नंतर पॅरिसकडची 'ग' वाली रूपंही आली, म्हणून इंग्रजीत जोड्या झाल्या. वॉल्टरचा गोतिए झाला तो असाच. अन् अर्थ पाहिजे तर 'विल' म्हंजे इच्छा, 'हेल्म' म्हंजे शिरस्त्राण. जोडून काय होतं ते वर काकूंना सांगितलंय.

प्रश्न: मुलींच्या नावांतही लढाई असते का? (मानेवाडा)

भरपूर. उलट मुलींच्या नावांचे शेवटचे ठरलेले तुकडे 'हिल्ड', 'गुंड' हे लढाईचेच. माटिल्डा म्हंजे ताकद अधिक लढाई, गर्ट्रूड म्हंजे भाला अधिक जोर. हळवं पाहिजे असेल तर हायडी घ्या, ते आडेलहाइडचं लाडाचं रूप, त्यात 'आडेल' म्हंजे खानदानी. अॅलिसही त्याच नावातून निघालं.

प्रश्न: मिहानमधे आमचे जर्मन साहेब आहेत, रुडॉल्फ. आम्ही पोरं त्यांना मागून रुद्रभाऊ म्हणतो. काही संबंध आहे का? (नाव छापू नका)

नाही छापत. रुद्राशी काही संबंध नाही. 'ह्रोड' म्हंजे कीर्ती अन् 'वुल्फ' म्हंजे लांडगा. पण हा वुल्फ अन् संस्कृत 'वृक' मात्र सख्खे, अन् वृक आपल्याकडे एका प्रसिद्ध माणसाच्या नावात आहे, भीमाच्या, वृकोदर. तेव्हा नाव बदलायचंच असेल तर ते घ्या, फक्त साहेबांसमोर म्हणू नका, अर्थ विचारला तर लांडग्यासारख्या पोटाचं सांगावं लागेल अन् अप्रेझल जवळ आलंय.