बेसबॉलमध्ये 'भरवशाचा पिचर' म्हणजे नेमका कसा?

तुम्ही विचारलंय, की लक्षात तर वेगवान पिचरच (फलंदाजाला चेंडू टाकणारे खेळाडू) राहतात, मग नुसत्या 'भरवशाच्या' पिचरचं एवढं कौतुक का? मला अशा वेळी मार्क बर्ली आठवतो, शिकागो व्हाइट सॉक्स संघाचा डावखुरा.

१९९८ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे संघ नवे खेळाडू निवडतात त्यात, त्याचं नाव निघालं ते ३८ व्या फेरीत. तोवर हजाराहून जास्त खेळाडू निवडून झाले होते. चेंडूचा वेग ताशी ८५ मैलांच्या आसपास, म्हणजे या पातळीवर कमीच. तरी २००१ पासून २०१४ पर्यंत, सलग १४ हंगाम, त्याने दरवर्षी २०० हून जास्त इनिंग टाकल्या (पिचरची एक इनिंग म्हणजे समोरच्या संघाचे तीन गडी बाद; सामना साधारण नऊ इनिंगचा).

हा आकडा कुठून येतो ते बघा. सामना सुरू करणारा पिचर साधारण दर पाचव्या दिवशी उतरतो, हंगामात तीसेक वेळा. २०० इनिंग भरायच्या तर पाळी चुकवायची नाही आणि दरवेळी सहा-सात इनिंग तरी खेचायच्या. तो लवकर बाहेर गेला की उरलेला सामना बदली पिचर ओढतात आणि त्यांचा थकवा पुढच्या दोन-तीन सामन्यांत दिसतो. बर्ली अख्ख्या कारकिर्दीत एकदाही दुखापतीच्या यादीत गेला नाही. त्याच्या २१४ विजयांपेक्षा मला हे मोठं वाटतं.

चेंडू हातात आला की टाकला, असा त्याचा खाक्या. एप्रिल २००५ मध्ये सिअ‍ॅटलविरुद्धचा सामना त्याने १ तास ३९ मिनिटांत संपवला! त्याच वर्षी वर्ल्ड सिरीजचा, म्हणजे विजेतेपदाच्या अंतिम मालिकेचा, दुसरा सामना त्याने सुरू केला आणि तिसरा १४ व्या इनिंगपर्यंत लांबला, तेव्हा शेवटचा गडी बाद करायलाही तोच आला. २३ जुलै २००९ ला टँपा बेचे २७ च्या २७ फलंदाज त्याने एकालाही बेसवर (धाव घेतानाच्या थांब्यावर) न पोचू देता परतवले. नवव्या इनिंगमध्ये ड्वेन वाइजने कुंपणावर झेपावून होम रन (कुंपणापार जाणारा फटका) अडवला, तो झेल जरूर शोधून बघा.

२०१५ मध्ये, टोरंटोकडून खेळताना, हंगामाच्या शेवटच्या दिवशी २०० ला फक्त दोन इनिंग कमी होत्या. पुरती विश्रांती झाली नसतानाही तो उतरला. दोनच गडी बाद झाले, आठ धावा गेल्या आणि त्याला बाहेर यावं लागलं. चार गडी कमी पडले. त्यानंतर तो मेजर लीगमध्ये, म्हणजे सर्वोच्च व्यावसायिक लीगमध्ये, पुन्हा खेळला नाही.