कागद झोपतो कुठे?

चिरंजीव,
अनेक आशीर्वाद.

नायब तहसीलदार म्हणून नेमणुकीचा आदेश हातात पडल्याचं तुझ्या बाबांनी सांगितलं. पेढेही पोचले. परवा फोनवर तू विचारलंस, "काका, पहिल्या दिवशी करू काय?" मी रुजू अहवालाचं काहीतरी बोलून वेळ मारून नेली. खरं उत्तर जरा लांबचं आहे, म्हणून हे पत्र.

पहिल्या आठवड्यात निकाली निघालेली एखादी साधी धारिका, म्हणजे फाइल, मागवून घे. तिच्यातल्या टिपण्या नंतर वाच, आधी नुसत्या तारखा वाच. आवक केव्हा, लिपिकाची टिपणी केव्हा, अव्वल कारकुनाची सही केव्हा, तुझ्या खुर्चीतल्या आधीच्या माणसाची केव्हा. दोन तारखांच्या मधल्या जागेत कागद झोपलेला असतो.

मला हे फार उशिरा कळलं. एका तालुक्यात असताना संजय गांधी निराधार योजनेच्या अर्जासाठी एक आजी चौथ्यांदा आल्या. पहिल्यांदा उत्पन्नाचा दाखला जुना म्हणून अर्ज परत गेला होता. मग रेशनकार्डावर नाव वेगळं म्हणून. मग नवऱ्याच्या मृत्यूचा दाखला नाही म्हणून. आता पासबुकाची झेरॉक्स पुसट होती. आजी भांडल्या नाहीत. पिशवीतून आमची सगळी पत्रं काढली, टेबलावर ओळीनं मांडली आणि म्हणाल्या, "साहेब, समदं एकदम सांगितलं असतं तर एसटीचं पैसं वाचलं असतं." प्रत्येक पत्रावर सही माझीच होती.

त्या संध्याकाळी मी हिशेब मांडला. त्या अर्जावर आम्ही सगळ्यांनी मिळून केलेलं काम तासाभराचंही नव्हतं आणि अर्ज पाच महिने फिरत होता. कुणी पैसे मागितले नव्हते, कुणी कामचुकारही नव्हतं. प्रत्येक जण आपल्याला दिसलेली पहिली त्रुटी काढून कागद टेबलावरून पुढे ढकलत होता, एवढंच. लाच मागणारा निदान सापळ्यात तरी सापडतो; हा प्रकार कुठल्याच सापळ्यात सापडत नाही.

म्हणून एक सवय लावून घे आणि लिपिकांनाही लाव. काय काय कमी आहे ते पहिल्याच छाननीत, एकाच पत्रात कळवायचं. सुरुवातीला कुरकुर होईल, कारण त्यासाठी पूर्ण अर्ज वाचावा लागतो.

कायद्याची बाजू तुझ्याकडे आहेच. बदल्यांचा कायदा म्हणून सगळे ज्याला ओळखतात, त्या 2005 च्या अधिनियमाचा दुसरा अर्धा भाग विलंबाला प्रतिबंध करण्याविषयी आहे. कचेरीत पहिला भाग सगळ्यांना तोंडपाठ असतो, दुसरा सहसा कुणी उघडत नाही. साधारणपणे कुठलीही धारिका एका कर्मचाऱ्याकडे 7 कामाच्या दिवसांहून जास्त राहू नये, असं त्यात आहे. मग 2015 मध्ये लोकसेवा हक्क अधिनियम आला. अधिसूचित सेवेला मुदत, नकार दिला तर लेखी कारण, दोन अपिलं खात्यात आणि तिसरं सेवा हक्क आयोगाकडे. कसूर ठरली तर 500 ते 5,000 रुपये शास्ती.

आता यातली गोम सांगतो. मुदत आली तशी मुदत चुकवायची नवी कलाही आली. अर्ज लॉगिनला पडून राहतो आणि मुदत संपायच्या आदल्या दिवशी 'कागदपत्रे अपूर्ण' असा शेरा मारून नाकारला जातो. संगणकावर तो मुदतीत निकाली दिसतो. आढावा बैठकीत तालुक्याचं कौतुक होतं आणि माणूस पुन्हा सेतू केंद्राच्या रांगेत उभा राहतो. त्यामुळे प्रलंबित किती, या आकड्यावर भाळू नकोस. नाकारलेले किती, कोणत्या दिवशी आणि कोणत्या शेऱ्यानं, ते बघ. एकाच शेऱ्याचे वीस अर्ज दिसले तर दोष वीस माणसांचा नसतो. बहुधा बाहेर लावलेली कागदपत्रांची यादीच चुकीची असते.

आपल्याकडे हे कुणी केलंच नाही, असं समजू नकोस. 1980 च्या दशकात अनिलकुमार लखिना यांनी अहमदनगरची जिल्हाधिकारी कचेरी बसण्याच्या रचनेपासून अभिलेखांपर्यंत नव्यानं लावली. 'लखिना पॅटर्न' म्हणतात तो हाच. पुणे विभागात आयुक्त असताना चंद्रकांत दळवींनी झिरो पेंडन्सीचा, म्हणजे काहीही प्रलंबित न ठेवण्याचा, ध्यास घेतला. तेव्हा कागद सहा गठ्ठ्यांत लावायची जुनी पद्धत कित्येक कचेऱ्यांना नव्यानं आठवली! प्रलंबित, प्रतीक्षाधीन (दुसऱ्याच्या उत्तराची वाट पाहणारे), नियतकालिकं (ठरावीक मुदतीनं पाठवायचे अहवाल), स्थायी आदेश (कायम लागू असलेल्या सूचना), अभिलेख कक्षात पाठवायचे आणि नष्ट करायचे, असे ते सहा. ई-ऑफिस आलं तरी ही वर्गवारी डोक्यात हवी. नाहीतर कपाटातला पसारा स्क्रीनवर येतो, दुसरं काही होत नाही.

यातल्या स्थायी आदेशांच्या गठ्ठ्यावर माझा फार जीव. नियमाप्रमाणे साधारण 3 वर्षांनी तुझी बदली होईल (त्याआधी झाली तर मनाला लावून घेऊ नकोस). तुझ्या चांगल्या सवयी तुझ्याबरोबर निघून जातील. संचिकेत लिहून ठेवलेलं मात्र पुढच्या माणसाच्या हाती लागेल. कुठल्या कामाला कुठली कागदपत्रं लागतात, कुठला शासन निर्णय लागू आहे, कुठला रद्द झाला, हे प्रत्येक टेबलाला स्वतःच्या हातानं लिहायला लाव. वयस्क अव्वल कारकुनांना त्यात सामील करून घे. त्यांच्या डोक्यात जे आहे ते कुठल्याही परिपत्रकात सापडणार नाही आणि त्यांच्यातले बरेच जण निवृत्तीला आलेले असतील.

महिनाभरानं मला एक काम करून पाठव. नाकारलेले पाच अर्ज काढ, नावं-गावं वगळ, आणि फक्त तारखा व शेरे एका कागदावर उतरवून टपालानं धाड. व्हॉट्सअ‍ॅप नको, मला चष्म्यानं नीट दिसत नाही.

तुझा,
काका